पाठमोरा नट

मला कामावर ठेवताना मॅडमनी एकच अट सांगितली. बाबा पडता कामा नयेत.

बाबा म्हणजे मॅडमचे वडील. जपानी माणूस, नव्वदीच्या घरात आलेला, काटकुळा, पण ताठ. मॅडमनी एका ओमानी मुलाशी लग्न केलं होतं. तो शिकायला जपानला गेला आणि तिथे दोघांचं जमलं. आता त्यांचं घर मस्कतच्या दक्षिणेला, अल अमेरातला. नवरा लांब दुक्मच्या बंदरात मोठ्या हुद्द्यावर, गुरुवारी संध्याकाळी, शुक्रवार-शनिवारच्या सुट्टीला घरी यायचा. मॅडम दिवसभर ऑफिसात. तिकडे आई गेल्यावर बाबा एकटेच राहत होते. न्हाणीघरात पडले, खुब्यात रॉड घालावा लागला, आणि लेकीने त्यांना इकडे आणलं.

"पुन्हा पडले तर आता जुळणार नाही, असं डॉक्टर म्हणतात," मॅडम इंग्रजीत, माझ्यासाठी एकेक शब्द सुटा करून बोलत होत्या. "मग माझा भाऊ त्यांना परत नेईल. म्हाताऱ्यांच्या होममध्ये ठेवील. मी त्याला तसं कबूल केलंय. आणि मग तुझंही काम संपेल. मला खोटं बोलायचं नाही."

"नो प्रॉब्लेम, मॅडम," मी म्हटलं.

इकडे आल्यापासून हे शब्द मी इतक्यांदा म्हटलेत की आपोआपच तोंडातून निघतात. प्रॉब्लेम होताच. आधीची क्लीनिंग कंपनी बंद पडली होती आणि मी मस्कतमधल्या हमरियाला, वसईच्या एका मित्राच्या खाटेच्या कडेला झोपून, त्याच्याच ताटातलं जेवून दिवस काढत होतो. मित्र हॉटेलच्या लॉन्ड्रीत. चार ठिकाणी विचारून हे काम त्यानेच मिळवून दिलं. व्हिसा मॅडमच्या घरावर झाला त्या दिवशी मी त्याच्या पाया पडायला वाकलो, तर म्हणाला, "ए, उठ, मी काय बिशप आहे काय?" मग कामाची अट ऐकली आणि हसत सुटला. "म्हणजे बॉस, तू मॅडमच्या नोकरीला नाहीस. तू म्हाताऱ्याच्या खुब्याच्या नोकरीला आहेस. खुबा खलास, तू खलास."

मीही हसलो. पण त्या रात्री जेवण गेलं नाही.

पडण्याची भीती मला कुणी शिकवावी लागली नव्हती. माझे वडील पाडेली होते, लोकांच्या माडांवर चढून नारळ पाडायचे. मी आठवीत असताना एका सकाळी ते माडावरून खाली आले. मेले नाहीत. कमरेखालचं सगळं गेलं आणि पुढची बरीच वर्षं ते पडवीत खाटेवर होते. माझी शाळा तिथेच सुटली. माणसाची कूस कशी बदलायची, पाठीला जखम होऊ नये म्हणून काय करायचं, त्याला लाज न वाटू देता कसं धुवायचं, हे मी त्या खाटेपाशी शिकलो. मॅडमनी "अनुभव?" विचारलं तेव्हा मोडक्या इंग्रजीत हेच सांगितलं. त्यांनी पासपोर्टची कॉपी मागितली. हे उपकार मी विसरणार नाही. दुसऱ्या कुणी असा अनुभव अनुभवात धरला नसता.

घरातले गालिचे गुंडाळून ठेवले होते. भिंतींना धरायला स्टीलच्या दांड्या. आणि हॉलमध्ये, स्वयंपाकघराच्या दाराच्या बरोब्बर वर, एक छोटा कॅमेरा. तो मॅडमच्या फोनला जोडलेला. त्यातून त्यांचा आवाजही यायचा. "बाबांच्या चपला नीट आहेत का बघ," असं छतातून आलं की मी दचकायचो. दिवसभर मी त्या डोळ्यासमोर असायचो. चहासुद्धा उभ्याने प्यायचो, मॅडमना वाटू नये की हा बसून असतो.

बाबांचं वेगळंच. हॉलमध्ये पाऊल टाकलं की आधी वर बघून कॅमेरा कुठे आहे ते हेरायचे, आणि मग त्याच्याकडे पाठ करून बसायचे. मी खुर्ची वळवून ठेवली तर ओढून पुन्हा फिरवायचे. मला वाटलं, लेकीवर राग धरलाय.

"राग नाही, सवय आहे," एका शुक्रवारी मॅडम म्हणाल्या. "ते सिनेमात नट होते."

"हीरो?" मी विचारलं.

मॅडम हसल्या. "हीरोच्या समोरची पाठ."

मग त्यांनी सांगितलं ते असं. युद्धात बाबांचे वडील गेले, घर जळालं. मिसरूड फुटायच्या आत ते क्योतोच्या एका स्टुडिओत लागले, कारण तिथे दुपारी भाताचा डबा मिळायचा. त्या काळात तिकडे तलवारीचे सिनेमे धडाधड निघत होते. एक हीरो आणि त्याने कापून काढायला माणसांचा ढीग. मोठ्या नटांना स्वतंत्र खोल्या असायच्या. ढिगातल्या नटांना सगळ्यांत मिळून एकच मोठी खोली. बाबा जन्मभर त्या मोठ्या खोलीत राहिले. काम दोन तऱ्हेचं. एक म्हणजे मरून पडणं. दुसरं म्हणजे कॅमेऱ्याच्या अगदी पुढ्यात पाठ करून उभं राहणं, म्हणजे त्यांच्या खांद्यावरून हीरोचं तोंड दिसेल. डायरेक्टर लोक त्यांची पाठ मागून घ्यायचे. ती हलायची नाही, श्वाससुद्धा दिसायचा नाही. पडतानाही मोठ्या खोलीचा एक कायदा होता. तोंड पलीकडे करून पडायचं, आणि मेलेल्याने हीरो आणि कॅमेरा यांच्या मध्ये कधी यायचं नाही.

"शाळेत मुलं मला विचारायची, तुझे बाबा ह्या आठवड्यात किती वेळा मेले?" मॅडम म्हणाल्या. "मी त्यांचा एकही सिनेमा बघितला नाही."

बाबा आमच्याकडे पाठ करूनच बसले होते. मला उगाच वाटलं की पाठ ऐकते आहे.

मीही गावाकडे जत्रांच्या दिवसांत दशावतारात राक्षसपार्टी करायचो, मोठ्या राक्षसाच्या मागे उभा राहणारा दुय्यम राक्षस. हे बाबांना सांगायला मला बरेच दिवस लागले. आमची भाषा म्हणजे चार शब्द इंग्रजी, चार अरबी आणि बाकी हात. आमच्याकडे पडदा नसतो. देवाने राक्षस मारला की राक्षस गिरकी घेतो आणि स्वतःच्या पायांनी चालत आत जातो. मी ते करून दाखवलं.

"वॉक?" बाबांनी विचारलं.

"वॉक, बाबा. डेड, देन वॉक."

ते इतके हसले की ठसका लागला. मी पाठ चोळत राहिलो. "नो गुड," डोळे पुसत ते म्हणाले. "व्हेरी नो गुड." त्या दिवसापासून त्यांनी मला आपल्या मोठ्या खोलीतला धरलं.

दुपारी मी त्यांना फोनवर जुने जपानी सिनेमे लावून द्यायचो. काळेपांढरे, खरखरीत. ते एकदम काचेवर बोट ठेवायचे. "मी." तिथे फक्त पाठ असायची, नाहीतर चिखलात पालथा पडलेला कुणी. नट म्हणून त्यांचं नाव सिनेमाच्या पाट्यांवर कुठे नव्हतं, मॅडम सांगायच्या. पुढे पुढे मला सांगावं लागेना. ती पाठ मी रोज धूत होतो. डावा खांदा उजव्यापेक्षा जरा उतरलेला. मीच आधी ओरडायचो, "बाबा!" आणि ते मान हलवायचे, जसं दुकानदार ओळखीच्या गिऱ्हाइकाला हलवतो.

सकाळी मी त्यांना पेज करून द्यायचो. हमरियाच्या एका दुकानात उकडा तांदूळ मिळतो. त्यांच्याकडेही आजाऱ्याला तसंच पातळ देतात, वर आंबट लाल फळ ठेवून. माझी पेज त्यांना आवडली. वाटी दोन्ही हातांनी धरून शेवटचा घोट मान मागे टाकून प्यायचे, आणि मला वाटायचं, बाकी काही न येवो, हे तरी मला येतं.

रात्री बायकोचा फोन यायचा. तिचा पहिला प्रश्न ठरलेला.

"म्हातारो बरो आसा मा?"

"बरो आसा."

"चलता?"

"चलता."

"देवळात गाऱ्हाणा घातलंय. जपानी बाबाचो पाय शाबूत ऱ्हवांदे म्हणान. भटजी इचारूक लागलो, जपानी खयचो गो तुझो?" आणि मग ती माझी चौकशी करायची.

बाबांना बोलायला मिळालं होतं असा एकच प्रसंग आयुष्यात आला होता. तेही मॅडमनीच सांगितलं, बाबा आत झोपले असताना. एका नव्या डायरेक्टरने त्यांना गावाच्या पहारेकऱ्याचं काम दिलं. टेकडीवर उभा राहून पहारेकरी शत्रू येताना बघतो, कॅमेऱ्याकडे वळतो, "ते आले, पळा!" असं ओरडतो, तेवढ्यात पाठीत बाण बसतो आणि तो पुढे, तोंडावर पडतो. तोंड दिसणार होतं. आवाज येणार होता. बाबांनी घरामागच्या अंगणात इतक्यांदा पडून बघितलं की आईचे हात चिखल धुऊन धुऊन फुटले. सिनेमा लागला तेव्हा ते आईला, तिच्या चांगल्या कपड्यांत, थिएटरात घेऊन गेले. तो प्रसंग नव्हता. सिनेमा लांबला म्हणून कापून टाकला होता, आणि बाबांना कुणी कळवलं नव्हतं.

"बाहेर आल्यावर आई म्हणाली, दिसलात हं तुम्ही, छान दिसलात." मॅडम खिडकीतून डोंगराकडे बघत होत्या. इथले डोंगर उघडेबोडके, दगडाचे. "बाबा हो म्हणाले. ती खोटं बोलते हे त्यांना कळलं होतं, आणि त्यांना कळलंय हे तिला कळलं होतं. आईने मला हे अगदी शेवटी सांगितलं."

हे ऐकलं नसतं तर बरं झालं असतं. कारण त्यानंतर बाबा दुपारचे हॉलमध्ये काय करतात ते मला कळायला लागलं. दांडी सोडून मधोमध उभे राहायचे. कॅमेऱ्याकडे पाठ. कपाळावर हात ठेवून लांब बघायचे. मग हळूहळू वळायचे, छाती पुढे, तोंड उघडं. तेवढ्यात मी जाऊन कमरेला धरायचो.

"कामेरा," ते वर बोट करून म्हणायचे. "डॉटर. लूक. ओके?"

"नो ओके, बाबा. फॉलिंग नो."

"वन टाइम."

"वन टाइम पण नो."

ते मला पोलीस म्हणायला लागले. सकाळी पेज दिली की, "थँक यू, पोलीस." मॅडमही छतातून त्यांच्या भाषेत रागवायच्या. बाबा मान खाली घालून ऐकून घ्यायचे आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा दांडी सोडायचे. जन्मभर पडण्यात हुशार असलेल्या माणसाने पडू नये म्हणून मी त्याच्या मागे मागे फिरत होतो. माझ्या घरची चूल त्याच्या दोन पायांवर उभी होती, आणि त्या पायांना आडवं व्हायचं होतं.

शेवटी मीच म्हटलं, "बाबा सिट. मी फॉल."

त्यांना ते पटलं. गुंडाळलेला एक गालिचा काढून मी हॉलमध्ये पसरला. ते खुर्चीत, हातात पाठ खाजवायची काठी. मी कपाळावर हात ठेवून वळलो, ओरडलो आणि पडलो. काठी आपटली. पुन्हा. हात आधी टेकायचा नाही. श्वास आधी सोडून द्यायचा, भरल्या छातीने पडलं तर बरगडी जाते. गुडघा, मांडी, खांदा, मग गाल. पुन्हा. मी पाचव्या-सहाव्यांदा आडवा झालो तेव्हा छतातून मॅडमचा घाबरलेला आवाज आला.

"काय होतंय तुला? फिट येते का? बाबा, त्याच्या तोंडाला हात लावू नका!"

"नो मॅडम, नो फिट! ॲक्टिंग!"

वरून एक आवाज आला, तो हसण्याचा होता असं मला वाटतं.

थंडीचे ते दिवस बरे गेले. रोज दुपारी मी मरायचो. अर्बाब, म्हणजे मॅडमचे यजमान, एका शुक्रवारी माजलिसमधून, म्हणजे पाहुण्यांच्या बैठकीतून, बाहेर आले, दारात उभे राहून बघत राहिले. "वल्ला, मी ह्याला बाबांनी पडू नये म्हणून ठेवला, आणि हा स्वतःच पडतोय!" मग अंगातला पायघोळ दिशदाशा गुडघ्यापर्यंत उचलून म्हणाले, "यल्ला बाबा, मला शिकवा." आणि धप्पकन पोटावर पडले. बाबांनी डोळेच मिटले. मॅडम, मी, अर्बाब, तिघेही हसत होतो. मला आठवतं, तेव्हा माझ्या मनात आलं होतं की हे असंच चालू राहू दे.

बाबा मात्र मनापासून हसत नव्हते. एकदा मॅडमकडून त्यांनी मला निरोप दिला. "ते म्हणतात, तू बरा पडतोस. पण ते तुझं पडणं आहे."

उन्हाळा तोंडावर आला तेव्हाची गोष्ट. शुक्रवारचं जेवण झालं होतं. अर्बाबांनी सगळ्यांसमोर माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि मॅडमना म्हणाले, "हा असताना घरात कॅमेरा कशाला? आपलाच माणूस आहे. उद्या-परवा काढून टाकू. कॅमेरा खलास."

मला भरून आलं. मान वर करता येईना. घरातल्या माणसासारखा विश्वास टाकला होता. मी बाबांकडे बघितलं नाही. बघितलं असतं तरी काय कळलं असतं ते सांगता येत नाही. अर्बाबांच्या त्या बोलण्यातले दोनच शब्द बाबांना येत होते. कॅमेरा, आणि खलास.

रविवारी मॅडम ऑफिसला गेल्या. मी स्वयंपाकघरात पेज गाळत होतो. बाबांना खुर्चीत बसवून, चपला बघून आलो होतो. आणि हॉलमधून आवाज आला. इतके दिवस त्यांचा आवाज म्हणजे खोकल्याआधीची घरघर. हा आवाज टेकडीवरून खालच्या गावाला ऐकू जावा असा होता. ते आले, पळा. त्यांच्या भाषेतले ते शब्द मला पाठ होते, मीच रोज ओरडत होतो.

मी पातेलं टाकून धावलो. बाबा मधोमध उभे होते. पायजमा काढून त्यांनी जपानहून आणलेला निळा-पांढरा सुती अंगरखा घातला होता, कमरेला पट्टा नीट बांधलेला. तोंड सरळ कॅमेऱ्याकडे. छाती पुढे आलेली, जणू पाठीत काही घुसलंय, आणि गुडघे वाकायला लागले होते. मी त्यांचा असा चेहरा कधी बघितला नव्हता. तो म्हाताऱ्याचा नव्हता. मला वाटतं, क्षणभर मी थांबलो. पण माडाखाली पडलेले वडील डोळ्यांपुढे आले, आणि मी समोरून जाऊन त्यांना कवळ घातली.

दोघेही खाली आलो. मी खाली, ते माझ्यावर. माझं कोपर फरशीवर फुटलं. त्यांना खरचटलंही नाही. ते माझ्या अंगावर ताठ पडून राहिले, डोळे मिटून, श्वास न दाखवता. कुणीतरी पुरे म्हणेपर्यंत मेलेल्याने उठायचं नसतं.

छतातून मॅडम किंचाळत होत्या. आधी जपानीत, मग मला कळावं म्हणून इंग्रजीत. "पडले का? सांग, पडले का?"

"नो मॅडम! नॉट डाउन! मी धरलं! मी धरलं!"

"थँक यू," त्या रडत होत्या. "थँक यू, थँक यू."

बाबांनी डोळे उघडले. समोर माझा शर्ट होता. मग त्यांनी मान वाकडी करून माझ्या मागे, वर, कॅमेऱ्याकडे बघितलं. पुन्हा माझ्याकडे. आणि एक शब्द बोलले. रागाने नाही. एखाद्या नवख्या नटाला सांगावं तसं.

हॉस्पिटलात हाडांचे फोटो काढले. कुठे चीरसुद्धा नव्हती. डॉक्टरांनी माझ्या कोपराला टाके घातले. अर्बाब दुक्मवरून गाडी हाकत आले आणि त्यांनी मला मिठी मारली. मी मॅडमना त्या शब्दाचा अर्थ विचारला. त्या सांगेनात. मी पुन्हा विचारलं.

"म्हणाले, मध्ये आलास."

कॅमेरा काढायचा बेत राहून गेला. त्याचा उपयोगही राहिला नाही, कारण बाबा पुन्हा हॉलमध्ये आले नाहीत. पाय धड होते, पण ते उभे राहीनात. खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे. पेज नेली की ओठ मिटून घ्यायचे. "बाबा, पोलीस आलाय," मी म्हणायचो. "बाबा, वन टाइम." फोनवर सिनेमा लावून त्यांच्या आणि भिंतीच्या मध्ये धरायचो, त्यांची पाठ आली की ओरडायचो. बोट वर आलं नाही. मॅडमनी जपानीत काय काय सांगून बघितलं. एकदा मी त्यांना खाटेपाशी बसून म्हणताना ऐकलं, एकच वाक्य, पुन्हा पुन्हा. नंतर त्यांनी मला सांगितलं, मी म्हणत होते की मला दिसलात तुम्ही, बाबा, छान दिसलात.

बाबा हो म्हणाले नाहीत.

भर उन्हाळ्यात, सकाळी, चमचा ओठाला लावलेला असताना ते गेले. पडले नाहीत. मॅडमचा शब्द मोडला नाही, भावाला न्यायला यावं लागलं नाही. नेलं ते पेटीतून, विमानाने. त्याआधी मी आणि अर्बाबांनी त्यांना धुतलं. पाठ मी धुतली. मग आम्ही त्यांना उताणं केलं, आणि तोंड वर करून मेलेले बाबा मी पहिल्यांदाच बघितले. मॅडम दारात उभ्या होत्या. किती तरी वेळ त्या आत आल्या नाहीत, आणि गेल्याही नाहीत.

मला घरी पाठवलं नाही त्यांनी. अर्बाबांनी खटपट करून दुक्मला, कामगारांच्या कॅम्पच्या मेसमध्ये लावलं, व्हिसाही बदलून दिला. वसईचा मित्र फोनवर म्हणाला, "बघ, खुबा गेला नाही, म्हणून तू पण गेला नाहीस." मग त्यालाच कसंतरी वाटलं. "सॉरी रे. म्हातारा चांगला होता." इथे वाळू, वारा आणि पुरुषच पुरुष. मी पहाटे उठून भाताची मोठी डेगची चढवतो. त्या घराचं मी देणं लागतो, आणि ते फिटेल असं मला वाटत नाही.

निघताना मी मॅडमकडे त्या दिवसाचा व्हिडिओ मागितला. त्यांनी विचारलं नाही कशाला. पाठवताना एवढंच म्हणाल्या, "मी खूपदा बघितला. आवाज पूर्ण आहे."

आवाज पूर्ण आहे. सुरुवातीला बाबा कॅमेऱ्याकडे पाठ करून पट्टा सारखा करतायत. मग कपाळावर हात. मग वळायला लागतात, आणि ओरडतात, आणि त्यांचा चेहरा पुरता समोर येतो न येतो तोच खालून माझं डोकं येतं, मग माझे खांदे, आणि आम्ही दोघे खाली, चौकटीबाहेर जाईपर्यंत माझी पाठ. सगळी चौकट भरून. मी हे पुष्कळदा बघितलंय. तीच वेळ पुन्हा आली तर काय करशील, असं स्वतःला विचारतो. मी धावतच जाईन. समोरूनच जाईन, कारण स्वयंपाकघराचं दार तिकडेच आहे. मला पोटाला पोरगी आहे आणि दुसरं काही येत नाही.

व्हिडिओ मी बायकोलाही पाठवला. बाबा कसे होते ते तिने बघावं म्हणून. इतके महिने तिने त्यांच्या पायासाठी दिवा लावला होता. संध्याकाळी तिचा फोन आला.

"बगलंय. चेडवाक पण दाखवलंय. तुमची पाठ लगेच वळाखली तेणी."

"आणि बाबा? बाबाक बगलंस?"

"खय दिसले? आवाज तेवढो आयकलंय. केवढ्यान वरडता तो म्हातारो! काय म्हणता?"

"इले, पळा, असा म्हणता."

"कोण इले?"

मी सांगायला सुरुवात केली. टेकडी, पहारेकरी, थिएटर. ती हं हं करत होती, मागे पोरीचा आवाज येत होता, पुन्हा लाव म्हणून.

"पाठ भरली हा तुमची," मधेच ती म्हणाली. आवाजात किती दिवसांनी सुख होतं. "बरे जेवतास वाटता थय."

मी हो म्हटलं.